तिकडचा उजेड

आमचे साडू आयुष्यात एकदाही खोटं बोललेले नाहीत. ज्या देशाविषयी ते बोलतात तो देश पृथ्वीच्या पाठीवर कुठंही नाही, एवढी एक बाब सोडली तर त्यांच्यासारखा सत्यवचनी माणूस अख्ख्या आंबेगाव तालुक्यात मिळायचा नाही. मी मंचरला शाळेत भूगोल शिकवतो. त्यामुळं कुठला देश आहे आणि कुठला नाही याबाबतीत आमच्या नात्यागोत्यात माझा शब्द प्रमाण मानतात. पण साडूंपुढं मी नकाशाचं पुस्तक कधी उघडलं नाही. उघडलं असतं तर ते त्यांनी शांतपणे चाळून परत दिलं असतं आणि म्हटलं असतं, "पावणं, जुनी आवृत्ती दिसतीया."

नात्यानं ते माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. राहायला निरगुडसरला. जन्मभर वीजखात्यात वायरमन म्हणून नोकरी केली आणि जन्मभर तारांचा द्वेष केला. रस्त्यानं चालताना त्यांची नजर कायम वर. कुठली तार लोंबतेय, कुठल्या पोलाला वेल चढलाय, कुठं कावळ्यानं घरटं बांधून खात्याची अब्रू घेतलीय, हे पाहत पाहत ते समोरच्या माणसावर जाऊन आदळायचे, आणि तो माणूस चिडला तर त्यालाच वर बघायला लावायचे. "तारंवर आडकलेला उजेड ह्यो उजेडच न्हवं," असं त्यांचं मत होतं. "दाव्याला बांधलेली गाय कवा मनासारखं दूध दील व्हय?" निवृत्तीनंतर माणसं देवाला लागतात किंवा राजकारणाला. साडू तिकडं लागले.

त्या देशाला त्यांनी नाव दिलं नव्हतं. तो नुसताच 'तिकडं' होता. तिकडं वीज नाही; तिकडं उजेड विणतात. पहाटेचं ऊन डोंगरावरून उतरताना बोरीबाभळींच्या काट्यांना अडकतं, मेंढरं गेल्यावर लोकरीचे पुंजके अडकतात तसं, आणि बायका टोपल्या घेऊन ते वेचायला जातात. मग चातीवर त्याचं सूत काढायचं आणि मागावर त्याची पासोडी विणायची. पासोडी भिंतीला टांगली की घर उजळलं, घडी घालून पेटीत ठेवली की अंधार. दोन गावांत निरोप द्यायचा तर मधे ताणलेल्या धाग्याला या टोकाला पीळ द्यायचा, म्हणजे त्या टोकाला रंग बदलतो. शॉक बसत नाही, फ्यूज उडत नाही, पोलावर चढावं लागत नाही, कारण पोलच नाहीत. "फार झालं तर गुदगुल्या व्हत्यात," असं साडू गंभीरपणे सांगत. हे सगळं त्यांनी मोठमोठ्या वह्यांत लिहून ठेवलं होतं, आणि लिहायला बसले की त्यांना हाक मारायची घरात बंदी होती. एकदा लांबचे कुणी पाहुणे लग्नाची पत्रिका घेऊन आले. ताईंनी, म्हणजे आमच्या मेव्हणीबाईंनी, हात पुसत बाहेर येऊन सांगितलं, "ह्ये तिकडं गेल्यात." पाहुण्यांनी टोपी काढली, खाली बसले, डोळे पुसले आणि घोगऱ्या आवाजात विचारलं, "कवा?" ताई म्हणाल्या, "सकाळधरनं. जेवायला येत्याल."

पण उभी हयात सरकारी नोकरीत काढलेल्या माणसाच्या कल्पनेलाही शिस्त असते. साडूंच्या त्या सुखी देशातसुद्धा एक खातं होतंच, तेजखातं. त्याचे तीन विभाग, तक्रारवही, बदल्यांचे नियम आणि जेवणाची सुट्टी हे सगळं त्यांनी आधी ठरवलं. तिथं राजा आहे की लोकशाही हे मात्र अजून ठरायचं होतं. मी एकदा खवचटपणे विचारलं, "तिकडं भारनियमन असतं का हो?" ते जरासे दुखावले. "आसतं की. पण आधी सांगून आसतं." मला त्यांनी नकाशा काढायच्या कामाला लावलं होतं, कारण मी भूगोलाचा मास्तर. त्यांनी सांगायचं, मी काढायचं. नदी काढताना लक्षात आलं की ती डोंगरावर चढतेय. नोकरीला स्मरून मी हरकत घेतली. साडू नकाशावर वाकले आणि म्हणाले, "तिला वर काय तरी काम आसंल." मी नदी वर चढवली आणि नकाशाखाली सही केली. या सहीचा मला पुढं फार पश्चात्ताप झाला.

ऐकणारा माणूस कोण आहे, कुठल्या अवस्थेत आहे, हे साडूंना कधी दिसत नसे. पेठला हायवेच्या कडेच्या कार्यालयात एका दुपारच्या लग्नाला आम्ही गेलो होतो. तिसरी मंगलाष्टका चालू असताना वीज गेली. पंखे थांबले, भटजींचा आवाज पहिल्या रांगेपाशीच विरला, आणि शेकडो माणसं मुठीत अक्षता धरून घामानं भिजायला लागली. मांडवात वायरमन एकच. साडू डोक्याला फेटा असतानाच स्टुलावर चढले, बोर्ड उघडला आणि तार जोडता जोडता खाली उभ्या असलेल्या नवरदेवाच्या बापाला सांगू लागले, की तिकडं नवरानवरीला एकाच पासोडीखाली उभं करतात आणि दोघांच्या अंगाच्या उबेनं पासोडी उजळली की लग्न लागतं. बापानं घड्याळ बघत विचारलं, "आन् नाय उजळली तर?" साडूंना प्रश्न आवडला. त्यांनी हातातली तार सोडून दिली. "तर आर्धा तास वाट बघायची. तिकडं मुहूर्त निघून जात न्हाई, थांबतो." "आमचा चाललाय की राव!" बाप कळवळून ओरडला, "आधी तार जोडा!" तार जोडली गेली, लग्न लागलं, आणि जेवताना साडू मला म्हणाले, "चांगला माणूस हाय. जरा घाईचा हाय, पण चौकशी करतो."

गावानं त्यांना सांभाळून घेतलं होतं. दूध घालायला आलेली माणसं, न्हावी, एसटीचा कंडक्टर, सगळे विचारायचे, "काय म्हणतंय तिकडं?" आणि हसायचे. पण ते हसणं घरातलं होतं. खऱ्या अर्थानं त्या देशाला हरकत घेणारं माणूस एकच, ते म्हणजे ताई. तो देश अस्तित्वात नाही याबद्दल ताईंची काही तक्रार नव्हती. त्यांची तक्रार तिथल्या कामाबद्दल होती. आमचे सासरे मेंढरं राखून घोंगड्या विणायचे, आणि दोघी बहिणी लहानपणी वडिलांच्या हाताखाली सूत काढायच्या. माझी बायको ते सगळं विसरली. ताई काही विसरल्या नव्हत्या. साडू वहीतून वाचून दाखवायचे आणि ताई भाकरी थापता थापता मधेच म्हणायच्या, "आन् पिंजलं कवा?"

"काय?"

"काट्यावरनं येचलं आन् लगेच सूत काढलं? पिंजल्याबिगर? गाठी पडत्याल गाठी. उजेड आसू नायतर लोकर आसू."

साडू वही मिटायचे. एक-दोन दिवस घरात शांतता. मग जेवताना भिंतीकडं बघत जाहीर करायचे, "तिकडनं सुधारित परिपत्रक आलंय. आता पिंजून घेत्यात." धाग्याला पीळ कुठल्या हातानं देतात, खळ कशाची लावतात, ओल्या हवेत धागा सैल पडला तर काय करतात, अशी कितीतरी परिपत्रकं ताईंच्या एकेका प्रश्नानं निघाली. तीन वह्या तर त्यांनी पहिल्या पानापासून पुन्हा लिहिल्या. कारण मात्र कधी सांगितलं नाही.

पुढं जे झालं त्याला मी कारणीभूत आहे. अवसरी खुर्दच्या इंजिनिअरिंग कॉलेजात शिकवणारे एक तरुण सर आमच्या माडीवर भाड्यानं राहतात. कॉलेजात प्रदर्शन भरणार आहे, आसपासच्या गावांतल्या कुणीही काहीही करून आणावं, असं ते बोलता बोलता म्हणाले, आणि मी साडूंना गंमत म्हणून सांगितलं. साडू हसले नाहीत. त्यांनी चष्मा काढून पुसला आणि म्हणाले, "नमुना दाखवाया पायजे."

जत्रेत प्लास्टिकच्या केसांचा झुपका असलेले दिवे मिळतात. खाली बल्ब लावला की प्रत्येक केसाचं टोक लुकलुकतं. तसले होते नव्हते तेवढे दिवे साडूंनी आणून त्यांची हजामत केली. ताईंनी ते केस बोटात धरून बघितले. "ह्ये काय धागं हायत? शेंड्या हायत ह्या." मग पुण्याहून त्याच जातीच्या धाग्याचं अख्खं रीळ मागवलं. सासऱ्यांचा जुना माग आमच्या माळ्यावर सुटा पडला होता, तो टेम्पोत घालून मी निरगुडसरला पोचवला. गोठ्याच्या एका कोपऱ्यात साडूंनी खड्डा खणून तो मांडला आणि तीन दिवस त्या मागाशी कुस्ती केली. घोंगडीसाठी आणलेली काळी लोकर तुटत होती, प्लास्टिकचा धागा निसटून थेट शेळीच्या पायात जात होता. ताई गव्हाणीला टेकून बघत होत्या. चौथ्या दिवशी त्या म्हणाल्या, "उठा तिथनं. माज्या बापाच्या मागाचा आसा छळ मला बघवत न्हाई."

ताई खड्ड्यात पाय सोडून बसल्या. लग्न होऊन आल्यापासून त्यांनी मागाला हात लावला नव्हता. क्षणभर हात नुसतेच लाकडावर ठेवले, मग आडवं सूत नेणारा धोटा उचलला. दहा मिनिटांत तो असा फिरायला लागला की साडू रीळ हातात धरून उभेच राहिले. चमकते धागे आडवे न घालता उभे घालायचे, म्हणजे एका अंगाला त्यांची जुडी बांधून तिथं बॅटरी लावता येईल, हेही ताईंनीच सांगितलं. अडीच महिने हे चाललं. स्वयंपाक, धारा, खुरपणी उरकून ताई विणत होत्या, आणि त्या देशाचा हा एकमेव नागरिक त्यांच्यासमोर उकिडवा बसून धागा सोडत होता.

घोंगडी झाली त्या रविवारी मी तिथंच होतो. गोठ्याचं दार लावलं, जुडीला बॅटरी लावली. पलीकडच्या काठाला काजव्यांसारखी एक ओळ लुकलुकली. मधे सगळा काळोख. उजेड या टोकातून शिरत होता आणि मधल्या कुणाची विचारपूस न करता त्या टोकातून निघून जात होता. साडू बॅटरी काढून उठले. जेवलेही नाहीत. दुपारी मी त्यांची समजूत काढत बसलो होतो, तेवढ्यात नळाकडून खसखस आवाज आला. ताई घोंगडी दगडावर पसरून तारेच्या घासणीनं घासत होत्या.

"अगं बये!" साडू अनवाणी धावले. "आडीच महिन्याचं काम!"

"खळीचा वास मारतोय. शेळीनं बी कारभार केलाय. चार माणसांत न्यायचं हाय न्हवं?"

घोंगडी वाळल्यावर, आता जळली मेली काय उजेड देणार आहे, अशा चेहऱ्यानं साडूंनी बॅटरी लावली. आणि ती सगळी उजळली. काठापासून काठापर्यंत, ज्वारीच्या पिठाच्या रंगाचा मऊ उजेड काळ्या लोकरीतून वर आला. साडूंनी बॅटरी बंद केली, परत लावली, परत बंद केली. मग त्यांनी ताईंकडं असं काही पाहिलं की मी शेळीकडं बघू लागलो. धाग्यावर ओरखडे पडले की तिथून उजेड बाहेर पाझरतो, असं आमच्या माडीवरच्या सरांनी नंतर समजावून सांगितलं. सरांना ते पुस्तकात सापडलं होतं, ताईंना घासणीत.

प्रदर्शनाच्या दिवशी दोन खाटा उभ्या करून वर ताडपत्री टाकून साडूंनी अंधाराची खोली केली. आत घोंगडी, बाहेर टेबलावर सगळ्या वह्या, आणि दर्शनी भागी माझ्या सहीचा नकाशा. पोरं वाकून आत शिरायची आणि "आयला!" म्हणून बाहेर यायची. एका मेंढपाळानं फार मन लावून घोंगडी बघितली आणि विचारलं, "पावणं, मेंढरांच्या वाड्यावर ही टांगली तर बिबट्या यायचा थांबंल का?"

"तिकडं बिबट्या न्हाई," साडू अभिमानानं म्हणाले.

"इकडं हाय," ताई मागून म्हणाल्या. "इकडचं बोला."

मग तीन परीक्षक आले. त्यांतल्या चष्मेवाल्यांनी अर्ज वाचला. संशोधक म्हणून साडूंचं नाव होतं, आणि 'कल्पनेचा उगम' या रकान्यात लिहिलं होतं, 'तिकडं'. "तिकडं म्हणजे? कंपनी आहे का?" साडूंनी नकाशा दाखवला आणि सांगायला सुरुवात केली. काटे, टोपल्या, तेजखातं. भोवती पोरं जमली. आधी एक हसला, मग दहा हसले, कुणी मोबाईल वर धरला. "ओ काका, तिथं रेंज येते का?" साडू उत्तर देणार होते, पण पोरानं उत्तरासाठी विचारलं नव्हतं हे त्यांच्या ध्यानात आलं. ते थांबले. इतक्या वर्षांत त्यांना बोलता बोलता थांबलेलं मी पाहिलं नव्हतं. मला त्या नकाशावर आडवं पडावंसं वाटत होतं, थोडं त्यांच्यासाठी आणि थोडं सहीसाठी.

चष्मेवाले वाईट नव्हते. "काका, वस्तू छान आहे. पण हे तिकडंबिकडं काढून टाका, म्हणजे आम्हाला विचार करता येईल. नाहीतर नुसता तमाशा होतो." मग त्यांनी घोंगडीवरून हात फिरवला. "हे ओरखडे सगळीकडं इतके सारखे कसे आले?"

"तिकडं..." साडूंनी सुरुवात केली आणि गप्प झाले. त्यांना ठाऊक नव्हतं.

"घासणी उभी फिरवायची, आडवी न्हाई," ताई म्हणाल्या. "आन् हात ढिला सोडायचा. भांडं घासताना जोर करतो तसा केला की धागा तुटतो." परीक्षक त्यांच्याकडं वळले. मग एक खाली बसला, मग दुसरा, मग पोरं. लोकर का घातली, नुसतं प्लास्टिक का नाही, धाग्याला ताण किती, ताई एकेक सांगत होत्या. कुणी हसत नव्हतं. साडूंनी टेबलावरचा अर्ज ओढून घेतला. पेन काढलं आणि 'तिकडं' या शब्दावर रेघ मारली. मग स्वतःच्या नावावर मारली, आणि वर ताईंचं नाव लिहिलं. चारचौघांत ज्यांनी कधी बायकोचं नाव घेतलं नव्हतं, त्यांनी ते आडनावासकट, वेलांट्या तपासून लिहिलं.

ताईंनी ते पाहिलं. "मला कशाला गुतवताय? उद्या पोलीस आले म्हंजी?"

पहिलं बक्षीस एका औषध फवारणाऱ्या ड्रोनला गेलं. ताईंना उत्तेजनार्थ मिळालं. लग्नपत्रिकेनंतर त्यांचं नाव छापून येण्याची ही पहिलीच वेळ. प्रमाणपत्राला चौकट करून साडूंनी ते स्वतः ठोकलं, लेव्हल लावून. नंतर त्या मेंढपाळासकट दोघातिघांनी घोंगड्या सांगितल्या आणि माग पुन्हा सुरू झाला. सगळं उत्तम चाललं होतं, आणि एक दिवस ताईंचा फोन आला. "पावणं, जरा येऊन जावा. ह्ये आता सारखं इकडंच आसत्यात. मला सवय न्हाई."

गेलो. साडू मागासमोर रीळ धरून बसले होते. न्हाव्यानं, कंडक्टरनं विचारलं तरी "काय न्हाई" एवढंच म्हणतात, हे मला वाटेतच कळलं होतं. वह्या पोत्यात बांधून ठेवल्या होत्या. मी म्हटलं, "साडूभाऊ, पोरं हसली ते एवढं मनावर घेऊ नका."

"हसण्याचं काय न्हाई वो. हसू द्या." त्यांनी धागा बोटाभोवती गुंडाळला. "पण खोडलं मी, पावणं. कुणी हात धरला नव्हता. माज्या हातानं खोडलं. आता तिकडं कंच्या तोंडानं जाऊ?"

यावर भूगोलाच्या मास्तरानं काय बोलावं? धोट्याचा आवाज चालू होता. तो न थांबवता, मान वर न करता ताई म्हणाल्या, "तिकडच्या बाया काम झाल्यावर काय करत्यात वो?"

साडूंनी वर पाहिलं. आजवर ताईंनी विचारलेल्या प्रत्येक प्रश्नात एक चूक दाखवलेली असायची. या प्रश्नात ती सापडेना.

"बसत्यात," ते म्हणाले.

"कुठं?"

"चिंचंखाली. सावली दाट आसती तिकडं."

"बोलत्यात काय काय?"

"बोलत्यात की. लई बोलत्यात."

धोटा थांबला. ताईंनी तुटलेलं सूत जुळवलं, गाठ मारली, दातानं टोक तोडलं. "आन् त्यांच्यात माज्यासारखी हाय का कोण?"

साडूंनी हातातलं रीळ एकदा फिरवलं. बाहेर शेळी ओरडली, कुणाचा तरी ट्रॅक्टर गेला.

"न्हाई," ते म्हणाले. "म्हणून तर तिकडं ऱ्हायलो न्हाई."

ताईंनी धोटा उचलला. कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. "धागा सोडा," त्या म्हणाल्या. साडूंनी धागा सोडला.

मी उठलो. एसटीची वेळ झालीय असं काहीतरी पुटपुटलो आणि चपला घातल्या. त्या घरातून जेवल्याशिवाय मला कुणी कधी जाऊ दिलेलं नाही. त्या दिवशी कुणी थांबा म्हणालं नाही, आणि स्टँडपर्यंत चालताना मला भूक लागलीय हेही माझ्या बऱ्याच वेळानं लक्षात आलं.